वैकुंठपट आणि वर्ध्याची एक जागा

या प्रकरणात मला एका प्रश्नाचे उत्तर द्यायचे होते. सापशिडी हा मुलांचा खेळ मुळात कोणी काढला, आणि खेळणाऱ्याने त्यातून काय शिकावे अशी त्याची अपेक्षा होती? सिंदी मेघेतील आमच्या घराजवळच्या शाळेत पारंपरिक खेळांचे प्रदर्शन भरायचे होते आणि सापशिडीच्या पटाशेजारी लावण्यासाठी त्यांना दहा ओळींची माहिती हवी होती. निवृत्त शिक्षिकेजवळ वेळ असतो अशी सर्वांचीच समजूत असल्यामुळे ते काम माझ्याकडे आले. दहा ओळी म्हणजे एका सकाळचे काम, असे मी मनाशी धरले. त्या ओळी मी अद्याप शाळेला दिलेल्या नाहीत. त्याचे कारण सांगता सांगता मला माझ्या घराविषयी, म्हणजे देवळीच्या माहेरच्या घराविषयी लिहावे लागत आहे. तेही क्रमाने लिहिते, कारण क्रम सुटला की माझा राग लिखाणात उतरतो आणि रागाने लिहिलेले मी मुलांच्या वहीतही कधी चालू दिले नाही.

प्रथम शोधाविषयी. माझ्या एका भाच्याने मोबाइलवर एक मोठा संदेश पाठवला. त्यात हा खेळ एका संताने लहान मुलांना नीती शिकवण्यासाठी काढला असे होते. साल होते, गाव होते, प्रत्येक शिडीचा सद्गुण आणि प्रत्येक सापाचा दुर्गुण होता. ही माहिती घेतली कुठून, एवढे मात्र नव्हते. पुढे तोच संदेश नागपूरहून दुसऱ्या एका ओळखीच्या बाईंकडून आला, तेव्हा त्यातील संत बदललेला होता. बाकीचा मजकूर अनुस्वारासकट तसाच. वर्ध्याच्या बाजारात धान्याचे दुकान असलेल्या एका जैन गृहस्थांनी सांगितले, की हा खेळ त्यांच्याकडे पर्युषणात खेळत आणि म्हणून तो मुळात त्यांचाच. शेजारचे निवृत्त मुख्याध्यापक संताच्या बाजूचे. त्यांना मी विचारले, "सर, हे तुम्ही कुठे वाचले?"

"वाचायले कायले पाहिजे मॅडम? सगळ्यांले माहीत आहे."

"सगळ्यांना म्हणजे नेमके कोणाला?"

"घ्या! आता तुम्ही माहीच परीक्षा घेऊन राह्यल्या," असे म्हणून ते हसले, आणि त्यांच्या सौभाग्यवतींनी चहा आणला. चहा पिऊन मी परत आले. माझा प्रश्न जसाच्या तसा माझ्याबरोबर परत आला.

मला पुराव्यानिशी सांगता येते ते इतकेच. कापडावर किंवा कागदावर रंगवलेले जुने पट निरनिराळ्या प्रांतांत आणि निरनिराळ्या पंथांत आढळतात. घरांची संख्या सर्वत्र सारखी नाही. सर्वांत वरचे घर कुठे वैकुंठ, कुठे मोक्ष. पुढे हा खेळ परदेशी गेला, तिथे छापला गेला आणि आपल्याकडे परत आला तेव्हा घरांतली नावे गेली होती आणि फक्त आकडे उरले होते. पहिला पट कोणाच्या हातचा, हे ठामपणे सांगणाऱ्या प्रत्येकाला मी पुरावा मागितला आणि प्रत्येकाने माझ्याकडे अशा नजरेने पाहिले, जणू मी त्याच्या आईविषयीच काही विचारले होते. एका पटाचा उगम मात्र मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला आहे, निदान त्यातील एका सापाचा. तो पट आमच्या घरचा.

देवळीला आमचे कापडाचे दुकान होते आणि दुकानाच्या मागे घर. वडिलांचे थोरले बंधू, ज्यांना आम्ही मोठेबाबा म्हणत असू, त्यांचे आणि आमचे कुटुंब एकत्र राहत असे. मोठेबाबांची पत्नी ती मोठी आई. त्यांची मुलगी कुसुम, आणि मी नलिनी, घरातली नलू. आम्हा दोघींत काही महिन्यांचेच अंतर. घर सकाळी जागे होई ते दुकानाच्या लाकडी फळ्या एकेक काढून भिंतीशी उभ्या करण्याच्या आवाजाने. त्यानंतर दिवसभर मोजमापाचा लाकडी गज कापडाच्या ताक्यावर आपटल्याचा टक् टक् आवाज, आणि मग कात्री कापडातून न थांबता सरकत जाण्याचा तो लांब आवाज, जो मला आजही कोणत्याही वाद्यापेक्षा स्पष्ट आठवतो. स्वयंपाकघरात आई आणि मोठी आई एकाच चुलीवर आळीपाळीने बसत. हिवाळ्यात सांबार, म्हणजे हिरवी कोथिंबीर, स्वस्त झाला की दोघी मिळून सांबारवड्या तळत आणि परातीत दोन सारखे ढीग लावत. त्या घरात सर्व गोष्टींचे दोन सारखे भाग होत. दोन्ही भावांचा तसा अलिखित करारच होता. एकाच्या मुलीला जे कापड, तेच दुसऱ्याच्या मुलीला, त्याच ताक्यातून, त्याच मापाचे. कुसुमला गुलाबी रंग आवडे आणि मला आवडत नसे, पण आम्ही दोघी वर्षानुवर्षे गुलाबी झग्यात वावरलो. आवड विचारण्याची पद्धतच नव्हती. सारखेपणा हीच माया असे त्या दोघा भावांना मनापासून वाटे. अन्याय होऊ नये म्हणून घेतलेली ती काळजी होती हे मी आज मान्य करते, तरी तिचा मला आलेला कंटाळा कमी होत नाही.

आमचा पट मांजरपाटाच्या तुकड्यावर काढलेला होता. घरे काळ्या शाईची, साप आणि शिड्या तांबडी काव वापरून रंगवलेल्या. वरच्या घरात वैकुंठ. त्यावरून पटाला घरात वैकुंठपट असेच म्हणत. पणजोबांनी तो काढला असे सांगत, परंतु पणजोबांना पाहिलेले कोणीच हयात नव्हते. एकादशीला जेवणाची घाई नसे. भगर आणि शेंगदाण्याची आमटी झाली, रताळी उकडली, की दुपारी दुकानाच्या दोन फळ्या लावून घेत आणि ओसरीवर पट मांडला जाई. सोंगट्यांच्या जागी दुकानातली जुनी बटणे आणि फाशाच्या जागी कवड्या. जितक्या कवड्या उताण्या पडतील तितकी घरे पुढे जायचे.

आमच्या घरचा एक नियम मात्र मी दुसरीकडे कुठेही पाहिलेला नाही. ज्याला साप गिळेल त्याने त्या सापाचे नाव मोठ्याने उच्चारायचे आणि आपल्या हातून अलीकडे तो दोष कधी घडला ते सर्वांसमोर सांगायचे. सांगितल्याशिवाय पुढच्या वेळी कवड्यांना हात लावायचा नाही. निंदेच्या सापावर मोठी आई पडली की ओसरीवर मोठी मौज होई, कारण ती शेजारणीविषयी काय बोलली ते पुन्हा एकदा सविस्तर सांगे आणि शेवटी "पण ते खरंच होतं बाप्पा!" असे जोडी. मोठेबाबा क्रोधाच्या सापावर पडले की नोकरावर ओरडल्याचे कबूल करत. लहान मुलांना हा नियम चांगला असे सर्वांचे मत होते. मला तो लहानपणापासून खटके. मी एकदा विचारलेही होते, की दान कवड्यांनी पाडले, मग दोष माझा कसा? त्यावर मोठेबाबांनी "कवड्या म्हणजे प्रारब्ध" असे उत्तर दिले. मग प्रारब्धाचीच कबुली घ्या, मला कशाला विचारता, असे माझ्या ओठांवर आले होते. शाळेत ज्या प्रश्नाला उत्तर नसे, त्या प्रश्नाला बाई "पुढच्या वर्गात येईल" म्हणत. हा प्रश्न पुढच्या कोणत्याच वर्गात आला नाही.

आता त्या एका सापाविषयी. पट जुना असल्यामुळे शाई उडत असे आणि मोठी आई अधूनमधून काडीच्या टोकाने नावे गिरवत बसे. एका उन्हाळ्यात मी तिच्याशेजारी बसले होते. वरच्या ओळीत, वैकुंठाच्या अगदी जवळ, एका लांब सापाच्या तोंडाशी नावच उरले नव्हते. तिने दुकानाच्या दिशेने हाक मारली, "अवो, इथं काय होतं?" मोठेबाबा गिऱ्हाइकाला कापड मोजून देत होते. गज न थांबवता ते म्हणाले, "अहंकार लिही. वर गेल्यावर तोच नडते." मोठ्या आईने अहंकार लिहिले. तिथे पणजोबांनी मुळात काय लिहिले होते, याची चौकशी कोणी केली नाही. मुलांच्या खेळाच्या उगमाविषयी मी पाहिलेला हा एकमेव प्रत्यक्ष प्रसंग आहे.

पुढच्याच वर्षी कुसुम आणि मी मॅट्रिक झालो. वर्ध्याला शिक्षिका तयार करणारे विद्यालय होते आणि वर्ध्यालाच आमची आत्या, दोन्ही भावांची धाकटी बहीण, राहत होती. तिचे यजमान कचेरीत कारकून. मुलींनी रोज बसस्टँडावर उभे राहायचे नाही हे आमच्या घरी ठरलेले होते, म्हणून शिकायचे तर आत्याकडे राहूनच. आत्या मुद्दाम देवळीला आली आणि तिने स्पष्ट सांगितले, "माह्या घरी एकच खाट मांडता येते, दादा. दोन नाई." मला ती जागा हवी होती. किती हवी होती ते सांगायला मी उपमा शोधणार नाही. मी निकाल लागण्याआधीच विद्यालयाच्या पुस्तकांची नावे एका मैत्रिणीच्या बहिणीकडून विचारून पाठ केली होती, आणि घरातल्या लहान मुलांना ओसरीवर ओळीने बसवून मी उजळणी घेत असे.

त्या घराने आजवर सर्व काही कात्रीने दोन भागांत कापले होते. खाट कापता येत नव्हती. मग पुढचे काही दिवस दोन्ही भावांमध्ये जे चालले ते आठवले की मला आजही हसावे की डोके धरावे ते कळत नाही.

"कुसुमले पाठव दादा," बाबा म्हणत. "मोठी आहे ते."

"चार महिन्यांनी कोणी मोठं होते काय?" मोठेबाबा म्हणत. "नलूले पाठव. हुशार आहे पोट्टी."

"नाई, कुसुमचा हक्क पहिला."

"अरे, माह्या पोरीले पाठवलं तर लोक काय म्हणतीन? थोरल्यानं आपलंच पाहिलं म्हणतीन."

"अन् माह्या पोरीले पाठवलं तर धाकट्यानं हिसकावलं म्हणतीन!"

प्रत्येकजण दुसऱ्याच्या मुलीचा आग्रह धरत होता, आणि त्यामुळे कोणतीच मुलगी जात नव्हती. स्वयंपाकघरात आई आणि मोठी आई एकमेकींना भाकरी वाढण्याचाही असाच आग्रह करू लागल्या होत्या. आत्याला परत जायचे होते. शेवटी एकादशीच्या दिवशी मोठेबाबा म्हणाले, "पट मांडू. जे वैकुंठाले पहिली पोहोचीन ते वर्ध्याले जाईन. मग कोणाचं कोणाले बोलणं नाई." बाबांनी सुटकेचा श्वास सोडला, तो मी ऐकला. त्या सर्वांपैकी कोणालाही ही गोष्ट विचित्र वाटली नाही. उलट, इतकी सोपी वाट आधी कशी सुचली नाही, असाच सर्वांचा चेहरा होता.

पेरण्या आटोपल्या होत्या, दुकानात गिऱ्हाईक नव्हते. ओसरीवर पट पसरला. एका बाजूला मी, दुसऱ्या बाजूला कुसुम, मध्ये मोठेबाबा, त्यांच्या बाजूला आत्या. बाबा दुकानाच्या उंबरठ्यावर, निम्मे आत, निम्मे बाहेर. आई स्वयंपाकघराच्या दारात रताळे सोलत होती. सुरुवातीला दोघींचे दान साधारण सारखे पडत होते. मग कुसुमला आळसाच्या सापाने गिळले आणि ती हसत म्हणाली, "आळस! काल गिरणीवर दळण न्यायचं होतं, नाई नेलं. पोट दुखते म्हटलं अन् झोपली." सगळे हसले. मोठी आई म्हणाली, "तरीच मी म्हणो, पोट दुखते अन् शेंगदाणे कशी खाते पोट्टी!" मला पाठोपाठ दयेची शिडी मिळाली आणि मी वरच्या ओळीत गेले. वैकुंठ समोर दिसत होते. मी कवड्या टाकल्या, मोजल्या, पुन्हा मोजल्या, आणि बटण त्या लांब सापाच्या तोंडात ठेवले.

"अहंकार," मोठेबाबा म्हणाले. "हं, सांग बाई."

मी बटण सापाच्या शेपटीशी, पार खालच्या ओळीत आणून ठेवले. आठवून पाहिले. मग म्हणाले, "माह्याकडून अहंकार नाई झाला."

"मग साप काऊन चावला?"

"कवड्या पडल्या म्हणून."

आत्या खळखळून हसली. "पाहा वो वहिनी! साप चुकला म्हणते."

"तिथं मागच्या साली काहीच लिहिलेलं नव्हतं," मी म्हणाले. "तुम्ही सांगितलं अन् मोठ्या आईनं लिहिलं. मी पाहिलं आहे."

"नाव पुसलं म्हणून साप मरते काय, बाई?" मोठेबाबा म्हणाले, आणि ओसरीभर हशा पिकला. उत्तर चांगले होते, हे मला तेव्हाही कळले, आणि म्हणूनच माझे कान तापले.

आई दारातून हळूच म्हणाली, "म्हण ना वो काहीतरी. काय जाते तुह्यं? मॅट्रिकचा निकाल लागला तेव्हा नाचली होती, ते सांग."

"तो आनंद होता, आई. खोटं सांगू काय? असत्याचा साप बाजूलेच आहे."

यावर मोठेबाबांनी मांडीवर थाप मारली. "ऐका! याले काय म्हणते? हाच अहंकार! सापानं बरोबर माणूस धरला." ते रागावलेले नव्हते. ते खुश होते. पटाने आपले म्हणणे सिद्ध करून दाखवले याचा त्यांना निर्मळ आनंद झाला होता. मी दोष मान्य केला तर दोषी, अमान्य केला तर त्याहून दोषी. पुढे मी आयुष्यभर प्रश्नपत्रिका काढल्या. ज्या प्रश्नाचे प्रत्येक उत्तर चूक ठरते असा प्रश्न मी एकदाही घातला नाही, आणि दुसऱ्या कोणी घातलेला दिसला तर तो काढायला लावला. पण त्या दुपारी परीक्षक ते होते.

नियमाप्रमाणे मला कवड्यांना हात लावता येईना. कुसुमची पाळी आली, मग माझी आली आणि तशीच गेली. पुन्हा कुसुमची. ती कवड्या मुठीत घेऊन बराच वेळ खुळखुळवत असे, डोळे मिटून. मी बाबांकडे पाहिले. "राहू दे दादा, टाकू दे तिले," एवढे एक वाक्य पुरले असते. त्यांनी माझ्याकडे एकदा पाहिले, मग वाकून पटाची उलटलेली कड सारखी केली. कुसुम एकेक घर चढत गेली. आता एकही साप तिच्या वाटेला गेला नाही. ती वैकुंठाच्या घरात पोहोचली तेव्हा मोठ्या आईने तिच्यावरून हात ओवाळून बोटे मोडली, आत्याने खाटेची कोणती बाजू खिडकीकडे करायची ते सांगायला सुरुवात केली, आणि माझे बटण सापाच्या शेपटीशी होते तिथेच होते.

मी कबुलीचे दोन शब्द का बोलले नाही, असे मला पुढे अनेकांनी विचारले. एक काल्पनिक अहंकार सांगितला असता तर खेळ चालू राहिला असता, कदाचित मी जिंकलेही असते. हिशोबाने ते बरोबर आहे. आजच्या वयात मी कदाचित बोलेनही, कारण आता मला नियमांपेक्षा बसची वेळ अधिक महत्त्वाची वाटते. पण ज्या मुलीला शिक्षिका व्हायचे आहे तिने शिक्षिका होण्यासाठी सर्वांसमोर खोटी कबुली द्यावी, हे त्या मुलीला जमले नाही, आणि मला ती मुलगी चुकली असे आजही वाटत नाही. राग आहे तो तिच्यावर नाही.

कुसुम वर्ध्याला गेली. दिवाळीला परत आली ती पोट दुखते म्हणून अंथरुणावर पडली आणि आत्याकडे पुन्हा गेलीच नाही. घरात कोणी फारसे काही म्हणाले नाही. मी मात्र गुढीपाडव्याच्या दिवशी, बाबा दुकानात नव्या ताक्यांना हळदकुंकू लावत होते तेव्हा, त्यांच्याजवळ गेले आणि विचारले, "आता मी जाऊ काय?"

बाबांनी कुंकवाचे बोट पुसले. "पटावर ठरलं होतं ना, नलू."

"पटावर कुसुमचं जाणं ठरलं होतं. ते परत आली."

"हो. पण ठरलं होतं ते ठरलं होतं," ते म्हणाले. काही आठवड्यांनी आत्याने ती खाट यजमानांच्या भाचीला दिल्याचे कळले, आणि मग विचारण्यासारखे काही राहिलेच नाही. माझे लग्न सिंदी मेघेत झाले. शिक्षिकेचा अभ्यासक्रम मी पुढे पूर्ण केला, कडेवर मूल घेऊन, सासूबाईंच्या कपाळावरच्या आठ्या पाहत. नोकरी लागली, समाधानाने केली. लोक म्हणतात, शेवटी झालेच ना सगळे? झाले. परंतु माझ्या बरोबरीच्या मुली ज्या वयात फळ्यासमोर उभ्या होत्या, त्या वयात मी ओसरीवर बसून दुसऱ्याच्या मुलांचे झगे शिवत होते, आणि त्या काळाची भरपाई कोणत्याही वेतनश्रेणीत होत नाही.

शाळेच्या दहा ओळींसाठी आमचा पट हाती असावा असे वाटले, म्हणून या उन्हाळ्यात मी देवळीला कुसुमकडे गेले. तिचे यजमान शेतीच्या अवजारांच्या दुकानात बसतात. ती आता गुडघ्यांनी बेजार आहे, पण बोलणे तसेच आहे. पटाविषयी विचारताच ती म्हणाली, "तो? मायबाई, तो तर केव्हाच गेला. आईनं त्याची उशीची खोळ शिवली. कावेचा रंग निघे नाई, म्हणून चित्राची बाजू आत घातली."

"आणि ती उशी?"

"उंदरांनी खाल्ली." तिने माझ्या बशीत चिवडा वाढला. "आता त्याचं काय करते तू?"

मी तिला शाळेचे सांगितले, उगमाचे सांगितले, तो संदेश दाखवला. ती चष्मा लावून वाचत राहिली आणि मध्येच म्हणाली, "तू त्या दिवशी काऊन नाई बोलली वो, नलू?"

"पुन्हा तेच? अहंकार झाला नव्हता म्हणून."

"तू बोलशीन बोलशीन म्हणून मी वाट पाहून राह्यली होती. प्रत्येक डावाले डोळे मिटून म्हणो, देवा, सापावर पाड. त्या आळसानंतर एक साप नाई आला मेला! तो लांब साप नेमका तुलेच."

मी चिवड्याची बशी खाली ठेवली. "तुला वर्ध्याला जायचे नव्हते?"

"मले? तुले माहीत नाई? मले गणित पाहिलं की ओकारी ये. मले दुकानात बसायचं होतं. कापड किती छान मोजो मी. माहे बाबा म्हणत, पोरीनं गज धरायचा नाई. आत्याकडे मी रोज रडो. दिवाळीले पोट नव्हतं दुखत."

"मग तू आधीच का सांगितले नाहीस?"

"मले कोणी विचारलंच नाई. तुले विचारलं होतं काय?"

मी आठवून पाहिले. मी पुस्तकांची नावे पाठ केली होती, ओसरीवर वर्ग भरवला होता, आणि जागा मला हवी आहे हे सर्वांना दिसतेच आहे असे धरून चालले होते. मला कोणी विचारले नव्हते. कुसुमलाही नाही. दोन भाऊ, दोन जावा आणि एक बहीण इतकी माणसे त्या ओसरीवर होती. त्यांनी कवड्यांना विचारले. शेजारी बसलेल्या दोघींपैकी एकीलाही, तुला जायचे आहे का, एवढे विचारले असते तर खेळ मांडावाच लागला नसता. कुसुम दुकानात बसली असती की नाही ते सांगता येत नाही, पण मी त्याच पावसाळ्यात वर्ध्याला गेले असते. कुसुम हसत होती. मला हसू आले नाही. मी उठून तिच्या खिडकीपाशी गेले, आणि ती मागून म्हणाली, "आता रागावू नको वो. बस, चहा होऊन राह्यला."

तर मूळ प्रश्नाचे माझे उत्तर असे आहे. हा खेळ प्रथम कोणी काढला ते मला सापडले नाही, आणि ज्यांना सापडले असे ते म्हणतात त्यांनी मला आधार दाखवलेला नाही. पट ज्याच्या हाती असतो तो उडालेली नावे आपल्या समजुतीने भरतो, हे मात्र मी पाहिले आहे. खेळणाऱ्याने नीती शिकावी असा हेतू असेलही. आमच्या घरात मोठ्या माणसांनी त्याचा उपयोग मुलींना न विचारता निर्णय घेण्यासाठी केला, तोही कोणाशी वाईटपणा न घेता, आणि निर्णय चुकल्यावर तो बदलावा लागू नये म्हणून. यापलीकडे काही सांगणे म्हणजे नसलेला पुरावा देणे होईल.

हे एका घरावरून काढलेले अनुमान आहे आणि एका उदाहरणावरून नियम करू नये असे मी स्वतःच शिकवत आले. म्हणून वाचकांना विनंती, की यावर विसंबू नका. आपल्या घरी नावे लिहिलेला जुना पट असेल तर ती नावे कोणी आणि केव्हा लिहिली याची चौकशी करा. आणि आपल्या घरात कोणा दोन बहिणींपैकी एकीला पाठवले आणि एकीला ठेवले असे कधी घडले असेल, तर त्या दोघी हयात असेपर्यंत दोघींनाही वेगवेगळे विचारून पाहा.